आडवी जाणारी जीप

१९९९च्या उन्हाळ्यात कोरेगावच्या मानसिंग जगदाळेंना संशय आला, की आपली जीप कुणीतरी चोरून चालवतंय. फौजेत वीस वर्षं ट्रक चालवलेला माणूस. मागच्या टायरच्या कडा खरडलेल्या त्यांच्या नजरेतून सुटल्या नाहीत. मडगार्डच्या आत पांढरी माती होती. तसली माती फक्त आटलेल्या पाझर तलावात.

पहिला संशय शेजारच्या नानासोवर, कारण तो सारखी जीप मागायचा. रविवारी मानसिंग माजी सैनिकांच्या बैठकीला एसटीनं साताऱ्याला जात, तेव्हा किल्ली खुंटीला असे. एका रविवारी त्यांनी ती खिशात घातली. संध्याकाळी बायको शकुंतला म्हणाली, "राजनंदिनी दिवसभर किल्ली हुडकत हुती."

मुलीला गाडी त्यांनीच शिकवली होती. ती साताऱ्यात कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायची. मानसिंग न सांगता तिथं पोचले. तिच्यासमोरच्या कॉम्प्युटरच्या पडद्यावर घाटातलं वळण होतं आणि त्यावरून त्यांचीच जीप आडवी घसरत चालली होती. तोच नंबर, डाव्या दाराचा पोचासुद्धा.

"आपल्या गाडीचा फोटू कुणाला दिलास?"

"कुणाला न्हाई, आप्पा. ही गेममधली गाडी हाय. तिची फाईल उघडून मी वरचं चित्र बदललं."

"आन् खरी गाडी कशाला नेलीस?"

राजनंदिनीनं सगळं सांगितलं. कॅसेटवर तिनं रस्त्यावरच्या शर्यतींचा परदेशी सिनेमा बघितला होता. त्यात वळणावर गाड्या मुद्दाम आडव्या सोडत. खरी जीप तशी कशी घसरते, ते बघायला ती तलावात गेली होती. चार रविवार.

"बरोबर कोण हुतं?"

"कोण न्हाई."

त्यांना ते पटलं नाही. पुढच्या रविवारी बैठक सोडून ते तिला तलावात घेऊन गेले आणि शेजारी बसले. राजनंदिनीनं वेग घेतला, स्टेअरिंग मारलं. जीपचं मागचं अंग धुळीत सुटलं आणि अर्धा फेरा मारून गाडी थांबली.

मानसिंगनी सीटची कड घट्ट धरली होती. त्यांनी ती हळूहळू सोडली.

"ॲक्सिलेटर लवकर सोडतीस," ते म्हणाले. "म्हणून थांबती. परत फिरीव."

तलावात पाणी येईपर्यंत दोघं दर रविवारी जात राहिले. मग एकदा तिनं त्यांना क्लासमध्ये बोलावलं. पडद्यावरच्या जीपमध्ये आता दोघं होते.

"ह्यो शेजारी कोण?" मानसिंगनी लगेच विचारलं.

"तुमी."

ते पडद्याजवळ वाकले. "मिशा कुठं हायत?"