येळ बाई का बुवा

शाळेत मी किती शिकलो ते विचारू नका. शाळेच्या भिंतीला चुना लावायला गेलो व्हतो, तेवढीच हजेरी. तरी पण विज्ञानाचा एक नियम माझ्या नावावर हाय. तो फक्त एका राज्यात चालतो, आन् ते राज्य बी मीच काढलेलं.

त्याचं असं झालं. आमची पोरगी सायकलवरून पडली आन् गुडघ्यापाशी हाड मोडलं. प्लास्टर निघालं तवा पाय फळीवानी ताठ. दवाखान्यातल्या व्यायामाच्या ताईंनी सांगितलं, रोज वाकवा, दुखलं तरी वाकवा, आत्ता न्हाई वाकला तर असाच राहील. पोरगी कबड्डीत चढाई करणारी. ताठ पायानं काय चढाई करणार? पण पायाला हात लावला की ती उशी फेकून मारायची. नेम चांगला हाय तिचा.

मग मी करार केला. गोष्ट चालू तोवर पाय वाकवायचा. पाय थांबला की गोष्ट थांबली.

गोष्ट म्हणजे एक राज्य, डोंगरावर किल्ला, आन् किल्ल्याचं दार येळ आल्याबिगर उघडत न्हाई. दाराबाहेर एक पोरगी उभी. एवढं जमलं. पुढचं मला बी ठाव नव्हतं.

"तिचा लई येळ गेला," मी म्हणलं, "आन् मग तिची येळ आली."

पाय थांबला.

"पप्पा, वेळ बाई आहे का बुवा?"

स्वयंपाकघरातनं तिची आई म्हणली, "स्वतःच्या लग्नाला उशिरा आलेल्या माणसाला काय इचारतीस येळेचं."

आता माघार कशी घेणार? दिलं रेटून. मी तळवड्याला प्रेस शॉपमध्ये कामाला. पत्रा ठेवायचा, बटण दाबायचं, वरनं प्रेस येतो आन् गाडीचा पार्ट तयार. माझ्या राज्यात दुसरं काय असणार? म्हणलं, त्या राज्यात दोन्ही असतात. तो येळ म्हणजे नुसता सपाट पत्रा. सकाळी सगळ्यांना सारखाच मिळतो, राजाला बी आन् भंगारवाल्याला बी. ती येळ म्हणजे त्या पत्र्याचा झालेला पार्ट. तो दाबल्याबिगर ती निघत न्हाई.

पोरगी म्हणली, हा तर नियम झाला, पुस्तकात असतात तसा. मी म्हणलं व्हय, आन् तो कधीच मोडत न्हाई. पाय परत हलायला लागला.

इथंच फसलो. दुसऱ्या दिवशी माझी सेकंड शिफ्ट, दुपारची कंपनीची बस निघायची येळ झालेली. म्हणून मी गोष्ट उरकायला घेतली. दाराबाहेरच्या पोरीनं पत्रा ठेवला, एकच दणका दिला, ती येळ निघाली आन् दार उघडलं.

"एकाच दणक्यात? फाटला नाही पत्रा?"

तिला हे कुठनं कळलं? माझ्याच तोंडनं. खोलगट पार्ट एका दणक्यात निघत न्हाई, एकामागनं एक प्रेसवर थोडा थोडा खोल करत न्यावा लागतो. मी एकदा कोरा पत्रा घाईत थेट शेवटच्या प्रेसवर ठेवला आन् फाडला. सुपरवायझरनं तो फाटका पार्ट कितीतरी दिवस माझ्या डब्याशेजारी मांडून ठेवला, येणारा-जाणारा नमस्कार करून जायचा. ही गंमत मीच घरी हसत सांगितलेली.

"म्हणजे तुमचा नियम खोटा," ती म्हणली आन् भिंतीकडं तोंड केलं. "मी नाही वाकवणार."

बसमध्ये बाकीचे झोपले. मला काय झोप लागंना. शिफ्टभर बटण दाबताना मनात एकच, राज्य सगळं मोडून परत उभं करावं लागलं तरी चालंल, पण तो गुडघा वाकणार.

सकाळी तिच्यापाशी गेलो. म्हणलं, दार उघडलंच न्हाई, मी थाप मारली व्हती. पयल्या दणक्याला पत्र्याला नुसता खळगा पडला. मग ती गोष्टीतली पोरगी दुसऱ्या दणक्यासाठी गुडघे वाकवून खाली बसली.

कशी बसली ते दावायला मी उकिडवा बसलो. बसलो ते बसलोच. माझेच गुडघे आडले. खाट धरून उठायला गेलो तर खाट सरकली. पोरगी आधी हसली, मग तिला दिसलं की हे काय सोंग न्हाई.

"थांबा पप्पा."

खाटेवरनं उतरली, माझ्या काखेत हात घातला आन् मला उचलायला वाकली. तिची चालायची काठी खाटेलाच राहिली व्हती. तिचा गुडघा कधी न्हाई एवढा वाकला. ओठ दाताखाली धरला, पण मला सोडलं न्हाई. मग दोघं बी फरशीवर.

तिची आई दारात येऊन म्हणली, "आता दोघांना उचलायला क्रेन सांगते."

पोरगी गुडघा चोळत व्हती. मी हळूच विचारलं, फाटलं तर न्हाई?

"नाही. दुखतंय." मग म्हणली, "हा पहिला दणका धरा."

व्यायामाच्या ताई अजून खूश न्हाईत, टाच मांडीपासनं लांबच हाय. किल्ल्याचं दार बी बंद हाय. पोरीनं मला बजावलंय, पाय पुरा वाकेस्तोवर ते उघडायचं न्हाई, मी रडले तरी न्हाई. रोज शिफ्टच्या आधी ती चटई अंथरती आन् म्हणती, "पप्पा, पत्रा ठेवा." मी तिच्या समोर खाली बसतो. आता खाट भिंतीला टेकवून.