चपला घालायला मीच सांगितलं होतं

पाचवीची मुलं बाजूच्या दारातून बाहेर येत होती आणि आत पडद्यावर किल्लेदाराचे हात तोडणं चाललं होतं. किंकाळी दारातून थेट बाहेर येत होती. शेलारबाई सगळ्यात शेवटी आल्या. त्यांच्या खांद्याला एक मुलगी बिलगली होती. तिला उलटी झाली होती आणि बाईंच्या साडीचा पदर खराब झाला होता.

“बाई, तो मेला का?” एका मुलाने विचारलं.

“शाळेत गेल्यावर बोलू,” बाई म्हणाल्या.

बेलापूर-श्रीरामपूर रस्त्यावरच्या एका जुन्या, एक पडद्याच्या टॉकीजचा मी मॅनेजर. वय झालं तरी शेठ सोडत नाहीत म्हणून अजून जातो. त्या दिवशी काय झालं याची एक गोष्ट गावभर फिरली. ती अर्धी आहे. उरलेली अर्धी फक्त मला माहीत आहे असं मी धरून चाललो होतो.

सिनेमा ऐतिहासिक होता. किल्ला शत्रूच्या हवाली करायला नकार देणाऱ्या एका किल्लेदाराचा. त्याची समाधी आमच्याच भागात आहे. तिथे उत्सव भरतो, लोक नवस बोलतात. त्यामुळे सिनेमा लागला तेव्हा माणसं देवळात यावीत तशी आली. पडद्यापुढे नारळ फुटला. चपला दाराबाहेर काढायची पद्धत पहिल्याच शोला पडली. उत्सव समितीच्या पोरांनी नियमच केला, की सिनेमा संपेपर्यंत चपला घालायच्या नाहीत. आम्हीही तसा बोर्ड लावला. मला ते आवडलं होतं.

शेवटचा भाग मात्र कठीण होता. किल्लेदाराच्या माणसांना एकेक करून त्याच्यासमोर मारतात, मग त्याला. कॅमेरा कुठेच हलत नाही. पहिल्या आठवड्यात तिथे लोक रडायचे. दुसऱ्या आठवड्यात काही जण तेवढ्यासाठीच यायला लागले. मोबाईल वर धरायचे, शिट्टी मारायचे, बूथकडे बघून ओरडायचे, “आवाज वाढवा.” मी वाढवायचो.

या सिनेमाला यूए सर्टिफिकेट होतं. म्हणजे मुलांना बंदी नाही, पण दाखवायचा की नाही ते पालकांनी ठरवायचं. शाळा अख्खा शो बुक करते तेव्हा पालक कोण, हे कुठेच लिहिलेलं नसतं.

शाळेचं बुकिंग झालं. आदल्या दिवशी शेलारबाई मला भेटायला आल्या. तासिका तत्त्वावरच्या शिक्षिका, म्हणजे जेवढे तास शिकवले तेवढाच पगार. नोकरी कायम नाही.

“काका, पाचवीची मुलं आहेत माझी. शेवट फार वाईट आहे म्हणतात.”

“वाईट आहे. मी स्वतः तिथे पाठ फिरवतो.”

“तेवढा कापता नाही का येत?”

पूर्वी यायचा. रिळं होती तेव्हा लहान मुलांच्या शोला आम्ही नको तो तुकडा काढून ठेवायचो आणि रात्रीच्या शोला परत जोडायचो. आता सिनेमा कुलूपबंद फाईलमध्ये येतो. आम्ही फक्त तो सुरू करायचा आणि आवाज कमी-जास्त करायचा. मी त्यांना ते सांगितलं.

“मी हेडसरांशी बोलले,” बाई म्हणाल्या. “ते म्हणाले, संस्थेचा निर्णय आहे. इतिहास मुलांना कळलाच पाहिजे. तो कळायलाच हवा, असं मलाही वाटतं हो. मी वर्गात रंगवून सांगते. पण हात तुटताना बघून पोरांना इतिहास कळतो की नुसता तुटलेला हात लक्षात राहतो?”

 मग मीच युक्ती काढली. “मी बाजूच्या दाराशी थांबतो. तो भाग यायच्या आधी बॅटरी दाखवीन. तुम्ही बारक्यांना घेऊन गुपचूप बाहेर या.”

“तुम्हाला त्रास होणार नाही ना?”

“टॉकीज माझं आहे,” मी म्हणालो. ते शेठचं होतं.

ठरल्याप्रमाणे मी बॅटरी दाखवली, पण सगळी मुलं उठेपर्यंत तो भाग सुरू झालाच, आणि बाई त्यांना घेऊन बाहेर आल्या. मार्च महिन्यातली दुपार होती. बाहेरची शहाबादी फरशी तापली होती. मुलं एकदा या पायावर, एकदा त्या पायावर नाचायला लागली.

“बाई, पोरांना चपला घालू द्या,” मी म्हणालो. “पाय पोळतील.”

“चालेल ना? तो बोर्ड…”

“मी सांगतो ना.”

बाई खाली बसून एका मुलाच्या सँडलचा बंद लावत होत्या तेव्हा समितीचा अध्यक्ष संतोष आला. सोबत दोन पोरं. एकाच्या हातात मोबाईल आधीपासूनच चालू होता. मी दोन पावलं मागे सरलो आणि खांबाआड झालो. ते मी ठरवून केलं नाही, पण केलं.

“बाई, चपला कामून घातल्या?”

“फरशी तापलीय.”

“आन् किल्लेदाराच्या पायाखाली गालिचा हुता व्हय?”

पोरं हसली. बाई उभ्या राहिल्या. “ते मोठे होते. ही लेकरं आहेत.”

“त्यांनी सोसलं. आन् तुमाला नुसतं बघवंना?”

“नाही बघवत. तुम्हाला रोज येऊन बघवतं, याचं मला नवल वाटतं.”

मी ऑफिसात गेलो आणि पंखा लावला.

संध्याकाळपर्यंत व्हिडिओ सगळ्यांच्या मोबाईलवर होता. आतून किंकाळी, बाहेर बाई मुलाच्या पायात सँडल घालतायत, आणि ते शेवटचं वाक्य. खाली लिहिलं होतं, किल्लेदाराचा अपमान करणारी शिक्षिका. माझ्या बायकोने मला तो दाखवला. “कोण गं बाई ही,” असं ती म्हणाली. मी तिलाही काही सांगितलं नाही.

संस्थेच्या ऑफिसात बैठक झाली. सेक्रेटरी, हेडसर, संतोष, आमचे शेठ आणि मी. बाईंना उभंच ठेवलं होतं.

“मुलांना उठवायचं कोणी ठरवलं?” सेक्रेटरींनी विचारलं.

“मी ठरवलं,” बाई म्हणाल्या. “मॅनेजरकाकांनी खूण केली. चपलांचंही त्यांनीच सांगितलं. त्यांना विचारा.”

सगळे माझ्याकडे वळले. शेठ टेबलावरचा पेपरवेट फिरवत होते. येताना गाडीत ते एवढंच बोलले होते, की उद्या कोणी काचा फोडल्या तर टॉकीज बंद करीन.

“मला काही कल्पना नाही,” मी म्हणालो. “मी ऑफिसात होतो.”

बाई माझ्याकडे बघत राहिल्या. त्यांना राग आलेला नव्हता. आपल्याला ऐकण्यात काही चूक झाली का, असा चेहरा होता. मग हेडसर बाईंना म्हणाले, “म्हणजे वर खोटंही बोलता?”

त्यांचे तास बंद झाले. आजूबाजूच्या शाळांनीही घेतलं नाही. व्हिडिओपेक्षा ‘खोटं बोलतात’ हे जास्त लांब गेलं. त्या आता केडगावला भावाकडे राहतात असं कळल्यावर मी गेलो. त्यांनी पाणी दिलं. मी सगळं बोललो.

“हे मला का सांगताय, काका? मला माहीतच आहे. ज्यांना माहीत नाही त्यांना सांगा.”

मी सेक्रेटरींकडे गेलो. ते म्हणाले, “आता कशाला उकरता? तिची जागा भरली.” मग संतोषकडे गेलो. तो उत्सवाचा मंडप बांधून घेत होता.

“काका, व्हिडिओत तुमचा आवाज हाय की,” तो म्हणाला. “‘चपला घालू द्या’ म्हणताय. आमी तेवढा कापला. तुमी म्हातारं मानूस, आपल्या गावचं. बाई कुठली कोण.” त्याने मला चहा पाजला. त्याच्या मते त्याने माझ्यावर उपकार केले होते. मी तो चहा प्यायलो.

म्हणून हे लिहितो आहे. बाई खोटं बोलल्या नव्हत्या. खोटं मी बोललो.

शाळा अजून येतात. सिनेमे तसेच येतात, कधी राजाचे, कधी देवाचे, दर वेळी रक्त थोडं जास्त. बुकिंगला आलेल्या शिक्षकांना मी सांगतो, की शेवट मुलांना झेपणार नाही, बाजूचं दार उघडं ठेवतो. ते मान हलवतात. शो सुरू झाल्यावर मी दाराशी उभा राहतो. अजून कोणी मुलांना घेऊन बाहेर आलेलं नाही. या धंद्यात एवढंच शिकलो, की दार कोणीही उघडून देतं. बाहेर आलेल्या माणसाशेजारी नंतर कोण उभं राहतं, ते लोक आधी बघून ठेवतात.