जोहाराचा चौथा टेक

अमेरिकेतल्या टीव्हीवर मी टॅक्सी चालवली, हॉटेलच्या काउंटरमागे उभा राहून खोटं हसलो, डॉक्टर होऊन नातेवाइकांना वाईट बातमी दिली, आणि मेलो किती वेळा ते आता आठवतही नाही. माझ्या भूमिकांना नावं नसायची. एपिसोडच्या शेवटी भराभर सरकणाऱ्या यादीत माझ्या नावासमोर ‘ड्रायव्हर’ नाहीतर ‘दुसरा नोकर’ असं असे. सुपरमार्केटात लोक थबकून म्हणत, तुम्हाला कुठेतरी पाहिलंय. मग मी त्यांचा दातांचा डॉक्टर असणार असं स्वतःच ठरवून मोकळे होत. मीही मान डोलवायचो.

मी आलो होतो इंजिनिअरिंग शिकायला. दुसऱ्या वर्षी ते सोडलं आणि लॉस एंजेलिस गाठलं. नागपूरला वडिलांना हे चार वर्षांनी कळवलं. ते निवृत्त हेडमास्तर. त्यांचं उत्तर दोन ओळींचं होतं: तब्येतीची काळजी घे, आईला अजून सांगितलेलं नाही. आई गेली तेव्हाही तिच्या लेखी मी इंजिनिअरच होतो. वस्तीतही तेच सांगितलं गेलं होतं.

शहाऐंशीच्या उन्हाळ्यात वडील तीन महिन्यांसाठी माझ्याकडे आले. कशासाठी, ते त्यांनी विमानतळावरून घरी येतानाच सांगितलं. “तुझं काम पाहायचं आहे मला. परत गेल्यावर लोकांना खरं सांगावं की नाही, ते पाहून ठरवीन.” हेडमास्तरच ते. परीक्षा घेतल्याशिवाय पास कसं करणार? मला राग आला. वयाच्या सदतिसाव्या वर्षी बापाकडून शाबासकी हवी असणं बरं दिसत नाही, पण मला ती हवी होती.

वडिलांविषयी एक गोष्ट सांगायला हवी. आजोबांनी जन्मभर गावकीची कामं केली. मेलेली ढोरं ओढली, सांगावे पोचवले, पाटलापुढे वाकले. वडिलांनी धम्मदीक्षा घेतली आणि त्या दिवसापासून वाकणं बंद केलं. आमच्या घरात कुणी कुणाच्या पाया पडत नसे, लग्नातही नाही. आजोबांच्या तोंडचे जुने शब्द घरात काढायलाही बंदी होती. वडील शाळेत गेले की मी मात्र आजोबांच्या बाजेशी जाऊन बसायचो आणि विचारायचो, तुम्ही पाटलाला काय म्हणायचे? आजोबांचे गुडघे तेव्हा गेले होते. ते बसल्या बसल्याच हात जोडून दाखवत. “आपण वाकाचं अन् म्हणाचं, जोहार मायबाप.” मला ती गंमत वाटायची. मी सात-आठ वर्षांचा होतो.

जुलैत मला एक बरी भूमिका मिळाली. गुप्तहेराच्या मालिकेत एका बड्या गोऱ्या साहेबाचा म्हातारा हिंदुस्थानी नोकर. त्याच्यावर चोरीचा आळ येतो आणि तो नोकरीसाठी गयावया करतो. वाक्यं तब्बल अकरा. एवढी मला आधी कधी मिळाली नव्हती. म्हणून वडिलांना सेटवर न्यायला मी हाच दिवस निवडला. ते कोट घालून आले. कॅमेऱ्याच्या मागे त्यांना खुर्ची दिली, कॉफी दिली. ते ताठ बसले.

पहिले तीन टेक दिग्दर्शकाला पसंत पडले नाहीत. मी इंग्रजीत रडत होतो, पण ते त्याला पुरेसं वाटत नव्हतं. तो तरुण होता, घाईत होता, मनाने वाईट नव्हता. माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, “वाक्यं सोडून दे. तुमच्याकडे असा माणूस मालकापुढे काय करेल? खरंखुरं काहीतरी दे मला. तुझ्या भाषेत.”

आमच्या धंद्यात नाही म्हणणाऱ्याला पुन्हा फोन येत नाही. पण त्याच्यावर ढकलून मला सुटता येणार नाही. मी हवं ते बडबडू शकलो असतो. बाजारभाव म्हटले असते तरी त्या खोलीत कुणाला कळणार होतं? एकाला सोडून कुणालाच नाही. आणि त्या क्षणी मला तो एक जण आठवला नाही. मला फक्त चांगला टेक द्यायचा होता.

चौथ्या टेकला मी धावत जाऊन साहेबाच्या पायांवर पडलो. दोन्ही हातांनी त्याचे बूट धरले, कपाळ त्यावर टेकलं आणि म्हणालो, “जोहार मायबाप. जोहार.” आजोबांचा आवाज माझ्या गळ्यातून जसाच्या तसा निघाला. साहेब झालेला नट खरोखर दचकला. टेक संपल्यावर सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, लाइटवाल्यांनीसुद्धा. दिग्दर्शक वडिलांकडे गेला आणि त्यांचा हात हातात घेऊन म्हणाला, तुम्हाला मुलाचा अभिमान वाटत असेल. वडील उठून उभे राहिले आणि स्वच्छ इंग्रजीत त्याला धन्यवाद म्हणाले.

त्या एका प्रसंगावर मला पुढे पाच-सहा वर्षं कामं मिळाली. हे लपवून उपयोग नाही.

घरी येताना वडील खिडकीबाहेर पाहत होते. मी रस्ते दाखवत राहिलो, उगाच. घरी आलो तेव्हा चार वाजले होते. मी चहा टाकला. कप त्यांच्यापुढे ठेवला आणि मला राहवलं नाही.

“बाबा, चुकलं माझं. तुम्ही लोकांना इंजिनिअरच सांगा.”

“काय सांगायचं ते मी तिथेच ठरवलं,” ते म्हणाले. “आता ते बोलत नाही मी. तू चूक केलीस ती सांगतो.”

“ते शब्द...”

“शब्द बरोबर होते. तू पायांना हात लावलास.”

मला समजलंच नाही.

“तुझ्या आजोबाला कोण पाय धरू देणार होतं? विटाळ नसता झाला? एवढंही कळलं नाही तुला?” त्यांचा आवाज चढला नव्हता. शाळेत फळ्यावरचं गणित चुकलं की ते असंच बोलत. “टाळ्या वाजवल्या त्यांनी. त्यांना वाटलं, हे असंच असतं.”

मग ते खुर्चीवरून उठले. कोट अजून अंगात होता. बाहेरच्या दारापर्यंत चालत गेले, दार उघडलं, बूट काढून बाहेर पॅसेजमध्ये उंबऱ्यापलीकडे उभे राहिले. मी आत, ओट्याशी. मध्ये अख्खी खोली.

“इथून,” ते म्हणाले. “याच्या आत नाही.”

आणि अडुसष्ट वर्षांचे माझे वडील वाकले. एकदम नाही, टप्प्याटप्प्याने. नजर आधी जमिनीवर गेली. मग मान, पाठ, आणि गुडघे न टेकता दोन्ही हात जमिनीला. तीस वर्षांत त्यांना असं कुणी पाहिलं नव्हतं. ते शब्द त्यांनी एकदाच म्हटले, हळू, समोरच्याला खपेल इतक्याच आवाजात.

वर येताना तोल गेला. त्यांनी दाराची चौकट धरली.

मी धावत जाऊन त्यांना धरायला हवं होतं. ओरडायला हवं होतं, बाबा नको म्हणून. लाज याची वाटते, आणि अजून वाटते, की मी जागचा हललो नाही. मी पाहत होतो. उजवा हात आधी टेकला, डावा नंतर, आणि तळवे उलटे होते, हे मी पाठ करत होतो.