मास्तरांनी मोडलेली भाकर

शमुवेल मास्तरांना मी भर मंडळीसमोर उभं केलं आणि ‘मी पाळक नाही’ हे वाक्य त्यांच्याकडून तीनदा म्हणवून घेतलं. एकदा पुरलं असतं. तेव्हा मी सत्तावीस वर्षांचा होतो, नुकतीच दीक्षा घेऊन भोकरदन तालुक्यात पाळक म्हणून आलो होतो. मास्तर साठीला टेकले होते.

मास्तर उपदेशक होते. आमच्यात उपदेशक गावोगाव वचन सांगतो, आजाऱ्यापाशी बसतो, मेलेल्याला माती देतो. पण बाप्तिस्मा आणि प्रभुभोजन, म्हणजे प्रभूच्या नावाने मोडलेली भाकर आणि द्राक्षारस, हे द्यायचं ते दीक्षित पाळकानेच. धावडा, पिंपळगाव रेणुकाई आणि मधल्या वस्त्या मास्तरांकडे होत्या. त्यांच्या सायकलची घंटा कधीच निकामी झाली होती, म्हणून ते तोंडानेच “बाजू, बाजू” करत यायचे. तो आवाज आला की बायका दारात यायच्या.

धावड्याच्या रशीदभाई चहावाल्याने एकदा माझ्यादेखत त्यांना विचारलं, “मास्तर, तुम बी फादर, ये साहब बी फादर. फिर बिशप कौन?”

मास्तर म्हणाले, “फादर क्याथलिकांचा, त्याला बायको न्हाई. आमचा पाळक, त्याला बायको हाय, फटफटी हाय. बिशप पाळकाच्या बी वर. अन मी उपदेशक. माझ्या वर हे समदे, खाली निस्ती सायकल.”

टपरीवरचे सगळे हसले. मला राग आला. परतताना मी मास्तरांना माझी बॅग उचलायला लावली. ती जड नव्हती.

दुष्काळाचं साल होतं. खडी फोडायच्या कामावरच मास्तरांच्या एका वस्तीतली सारजाबाई आजारी पडली आणि उठलीच नाही. तिचा नवरा कोंडिबा एसटीने माझ्याकडे आला. मी म्हणालो, रविवारनंतर बघू. दोन दिवसांनी तो पुन्हा आला.

“पाळकसाहेब, ती लई झुरून राह्यली. प्रभुभोजन पायजे म्हणती. आजच चला.”

त्या आठवड्यात बिशपसाहेब यायचे होते. मी देवळाला चुना लावून घेत होतो. “मास्तरांना प्रार्थना करायला सांग,” मी म्हणालो.

“प्रार्थना त्यांनी केली, साहेब. तिला प्रभूची मेज पायजे.”

मी एका खांबाकडे बोट दाखवून रंगाऱ्यावर ओरडलो. कोंडिबा निघून गेला.

त्या संध्याकाळी मास्तरांनी रेशनच्या लाल मिलोची, म्हणजे परदेशी ज्वारीची भाकर मोडली, द्राक्षारसाच्या जागी वाटीत गुळाचं पाणी कालवलं आणि सारजाबाईला प्रभुभोजन दिलं. सकाळी ती गेली. बिशपसाहेबांच्या कानावर हे आलं तेव्हा त्यांनी मला एवढंच विचारलं, “तुम्ही कुठे होता?” मी सांगितलं, मला निरोपच नव्हता, उपदेशकाने परस्पर केलं.

ते खोटं टिकवायचं तर मास्तरांना दोषी ठरवणं भागच होतं. पुढच्या रविवारी मी त्यांना वेदीखालच्या पायरीशी उभं केलं. तीनदा म्हणवून घेतलं. तिसऱ्यांदा त्यांचा आवाज बसला. मी म्हणालो, “मोठ्याने.”

कोंडिबा बाकावरून उठू लागला. मास्तरांनी त्याला हातानेच खाली बसवलं. मग माझ्याकडे बघून म्हणाले, “शास्त्रात भाकर लिहिलंय, साहेब. मी भाकरच दिली.”

“दीक्षा नसलेल्या हातची ती नुसती भाकर,” मी म्हणालो. “सारजाबाई मेजेवाचून गेली. उपाशी गेली.”

कोंडिबाने विचारलं, “मंग ती तशीच गेली का, मास्तर?”

तोपर्यंत त्यांना बहुधा वाटत होतं की आपण बरोबर केलं. माझं वाक्य ऐकून त्यांचा चेहरा बदलला, तो मी पाहिला आणि मला बरं वाटलं.

वर्षभर त्यांना मेजेपासून दूर ठेवायची शिक्षा मी दिली. वर्ष सरलं. सायकल फिरतच होती, “बाजू, बाजू” ऐकू येत होतं, पण मास्तर मेजेकडे आले नाहीत. मी ताट घेऊन शेवटच्या बाकापर्यंत गेलो की ते ताटावर पंजा आडवा धरायचे. “मला नको, साहेब. तिला न्हाई भेटलं.” मी दिलेली शिक्षा संपली होती. पण मी जे बोललो ते त्यांनी खरं मानलं होतं.

अशी सहा वर्षं गेली. मधल्या काळात कोंडिबा वारला. शेवटच्या दिवसांत मास्तर त्याच्यापाशी बसून असायचे आणि तो त्यांना ‘ती तशीच गेली का’ हेच पुन्हा पुन्हा विचारायचा, असं त्याच्या सुनेनं मला सांगितलं. तरी मी गप्प राहिलो.

माझी बदली झाली. निरोपाच्या उपासनेला मी वेदीवर चढलो नाही. मास्तरांना जिथे उभं केलं होतं, त्याच पायरीशी उभा राहिलो. मास्तर शेवटच्या बाकावर मान खाली घालून खोकत होते. त्यांचा खोकला थांबेपर्यंत मी थांबलो.

मग म्हणालो, “कोंडिबा माझ्याकडे दोनदा आला होता. मी चुना लावून घेत होतो, म्हणून गेलो नाही. बिशपसाहेबांना मी खोटं सांगितलं, आणि तुम्हाला इथे उभं केलं ते त्या खोट्यासाठी. मास्तर, सारजाबाई उपाशी गेली नाही. हे कोंडिबाला सांगायचं राहिलं, ते पापही माझंच. त्या संध्याकाळी तिचे पाळक तुम्ही होता, मी नव्हतो. मला क्षमा करा.”