सालासकट अंडी

अंड्यांचं लोणचं मी आयुष्यात एकदाच घातलं, आणि ते पानात पडायच्या आधीच पळालं.

झालं असं, की दादरची मंडळी रविवारी आमच्या लालबागच्या घरी जेवायला यायची होती. आमची मुग्धा आणि त्यांचा निखिल यांनी आपापसांत सगळं ठरवून टाकलं होतं. निखिलच्या आईने हो म्हणायचं तेवढं बाकी होतं. निखिलला व्हिनेगरमधली अंडी भारी आवडतात, असं मुग्धा बोलून गेली आणि माझ्या अंगात आलं. मी घालतो, म्हणालो! बायको म्हणाली, "अहो, तुम्हाला चहा तरी धड जमतो का?"

मी तिकडे काणाडोळा केला. लोणचं कसं घालतात हे मला कोणी शिकवायचं? आईचं कैरीचं लोणचं जन्मभर बघितलं होतं. कैरी शिजवत नाहीत, तिची साल काढत नाहीत. कोरड्या फडक्याने पुसायची, मीठ लावायचं, बरणीत भरायची. मी अंडी अगदी तश्शीच भरली! कच्ची, कवचासकट! (फोडी केल्या नाहीत, एवढी अक्कल शाबूत होती.) वरून व्हिनेगर ओतलं आणि बरणीला दादरा बांधला.

दुसऱ्या दिवशी बरणीत बुडबुडे! मी हरखलो, लोणचं मुरायला लागलं होतं ना! बायको डोकावायला आली तर तिला दारातच अडवलं. ओला हात लागला की लोणचं नासतं, हे लग्नापासून तीच मला ऐकवत आली होती. शनिवारी बघतो तर कवचं व्हिनेगरमध्ये विरघळून गायब, नुसत्या पापुद्र्यातली अंडी फुगून टम्म! बरकत आली म्हणून मी शेजारीपाजारीही सांगून आलो.

रविवारी निखिलच्या आई मोतिया रंगाची पैठणी नेसून आल्या. मी स्वतः वाढायला घेतलं. अंडं चमच्यावरून निसटलं, टेबलावर टुणकन उडालं, थेट त्यांच्या मांडीत गेलं आणि तिथे फुटलं. बलक जरीच्या काठापर्यंत ओघळला. मुग्धा रडायच्या बेतात. ठरलेलं लग्न माझ्यामुळे मोडतंय असं वाटून मी फडकं शोधायला लागलो.

"कच्चं आहे हे?" त्यांनी विचारलं.

"कैरीसुद्धा कच्चीच घालतात," मी म्हणालो.

त्या माझ्याकडे बघतच राहिल्या, आणि मग अशा हसत सुटल्या की ठसका लागून पाणी द्यावं लागलं.

"आमचा होकार आहे," त्या म्हणाल्या. "फक्त रुखवतातलं लोणचं मुग्धाच्या आईने घालावं."

लग्न दणक्यात झालं. रुखवताच्या वेळी बायकोने मलाही काम दिलं. लोणच्याच्या बरण्या पुसायच्या, त्याही रिकाम्या असतानाच.