पंचायत बंद झाल्याची दवंडी

"पंच झालास म्हणून हलगी दुसऱ्यानं वाजवायची का रं? अडकव खांद्याला."

पाटील चावडीच्या ओट्यावरून म्हणाला. सगळे हसले. माझ्याबरोबर निवडून आलेले पंचही हसले. मी खाली उन्हात उभा.

निजाम जाऊन थोडी वर्षं झालेली. नळदुर्गाकडचं आमचं गाव. राखीव जागेवर मी, मांगाचा, पंच झालो होतो. सहीपुरता शिकलेला, पण पंच.

त्या उन्हाळ्यात पटकीची, कॉलऱ्याची साथ आली. घरटी माणूस जायला लागला. पाटीलच सरपंच. म्हणाला, "रोग हटेस्तवर पंचायत बंद. मी सांगीन तो कायदा."

गावाची हलगी पिढीजात आमच्या घरात. मी वाजवली. माझं पंचपण मोडल्याची दवंडी मीच दिली. भ्यालो होतो. लपवत न्हाय.

मग वेशीत पाटलाचे काठीवाले बसले. बाहेर जायचं तर पाटलाची चिठ्ठी. गावची विहीर बाधली म्हणून बंद. आमच्या बायकांना विहिरीवर चढायची बंदीच होती; वरच्या जातीचे त्यांच्या घागरीत वरून पाणी ओतायचे, तेही गेलं. पाटलाची मोट मात्र त्याच विहिरीवर चालू, उसाला. आमी ओढ्यात झरे खांदले. ते पाणी पिऊन माझी बायको गेली.

पाऊस झाला, रोग गेला. काठ्या उठल्या न्हाईत. मी चावडीवर गेलो.

"मालक, पंचायत कधी भरवायची?"

"अजून धोका हाय."

"कुठं हाय? दाखवा."

"तुझ्या तोंडात हाय."

परत हसले.

घरी आलो, विचार केला. पंचायतीचं बुक पाटलाकडं, शिक्का पाटलाकडं, विहीर, वेस, सगळं पाटलाकडं. हलगी तेवढी न्हाय. तिला हात लावला तर बाटला असता.

बाजारच्या दिवशी सकाळी हलगी शेकली आणि वेशीपासूनच सुरू केलं. "ऐका हो ऐका. आज दुपारी पंचायत भरणार. सरपंच आले न्हाईत तरी भरणार." काठीवाले एकमेकांकडं बघत राहिले. हलगी हिसकायची तर मला शिवावं लागलं असतं.

सात पंचांतले माझ्याशिवाय दोघं आले. एक लिंगायत वाणी, एक धनगर. वाणी म्हणाला, "बुक न्हाय, लिवायचं कशावर?" म्हटलं, मी वाजवून सांगतो. तिघांनी ठरवलं, विहीर साऱ्यांना खुली, मांगवाड्यालाही. तसं गल्लोगल्ली सांगितलं.

दिवस मावळायच्या आत माझी पाठ फोडली. लांब काठ्यांनी, न शिवता. सुगीला मिळायचं ते धान्य, बलुतं, बंद केलं. पण सकाळी आमच्या बायका विहिरीवर चढल्या, आणि त्यांना खाली उतरवायला कुणी आलं न्हाय.

पटकी खोटी नव्हती. माझ्या घरातलंच माणूस गेलं, मला काय सांगता. पण संकट दाखवून बंद करणाऱ्याला मी विचारणार, उघडणार कधी? दिवस सांगा. दिवस सांगत न्हाय त्याचा हुकूम माझ्या तोंडून गावाला ऐकू जाणार न्हाय. परत पाठ फोडली तरी न्हाय.