फणीवरची न्योकी

आमच्या शेजारच्या विठाबाईंनी पेठ वडगावातल्या निदान दोनशे लग्नांचे गव्हले वळले असतील. गव्हले म्हणजे लग्नाच्या खिरीत घालायचे कणकेचे जिऱ्याएवढे दाणे. कोऱ्या फणीवर अंगठ्याने दाबून त्या रेघांची नक्षीही काढत. वळताना हाताकडे बघायच्या नाहीत. समोरच्या बाईकडे बघून तिच्या सुनेची चौकशी करायच्या.

शहाण्णव साली त्यांचे मालक वारले आणि लग्नघरची बोलावणी एकदम बंद झाली. गव्हले सवाष्णींनीच करायचे, असा रिवाज. हातांना मात्र हे कुणी कळवलं नव्हतं. बाई दारात बसून पिठाशिवाय नुसतीच बोटं चोळत राहायच्या.

दोन हजार चार साली माझी मुलगी निशिगंधा कोल्हापुरात हॉटेल मॅनेजमेंट शिकत होती. परीक्षेला तिला गोड न्योकी करायची होती. उकडलेल्या बटाट्यात मैदा मळून केलेले इटलीचे छोटे गोळे, वर फळांचा रस. घरी सराव सुरू झाला. गोळे उकळत्या पाण्यात गेले ते परत आलेच नाहीत. आम्ही आठवडाभर पेज प्यालो.

शेवटी ती पातेलं घेऊन विठाबाईंकडे गेली. मीही मागोमाग गेलो, पेजेला कंटाळून.

"बटाटा पाणचट झालाय," विठाबाई म्हणाल्या. "सालीसकट उकड, कुस्करून परातीत पसर, वाफ जाऊ दे. आन् एवढं मळतीस कशाला? भांडाण हाय व्हय पिठासंगं?"

"काकू, रेघा पाडायला लाकडी फळी लागती. इटलीची."

विठाबाईंनी फणी काढली. त्या दिवशी सगळे गोळे पाण्यावर तरंगले. चंदगडच्या एसटीने आलेली करवंदं गुळात शिजवून, गाळून त्यांचा रस वर घातला. परीक्षेत निशिगंधा पहिली आली.

दोन वर्षांनी तिचं लग्न ठरलं. "गव्हले विठाकाकूच करतील," ती म्हणाली. विठाबाई फणी धुऊन घेऊन आल्यासुद्धा. माझ्या थोरल्या काकूंनी, म्हणजे आमच्या धोंडुबाईंनी, त्यांना उंबऱ्यातच अडवलं.

"विधवेच्या हातचं मांडवात न्हाय चालायचं."

मी नवरीचा बाप. मी पंख्याकडे बघत बसलो. त्याची लाज मला अजून वाटते.

"बरोबर हाय अक्कांचं," म्हणून विठाबाई वळल्या.

निशिगंधाने विचारलं, "आज्जी, न्योकीला कुणाचा हात चालतोय?"

"ते काय असतंय?"

"इटलीचं पक्वान्न."

काकूंनी बराच वेळ विचार केला. त्या बाबतीत रिवाज काहीच सांगत नव्हता. "मग कुणाचा बी चालंल," त्या म्हणाल्या.

लग्नात सवाष्णींच्या गव्हल्यांची खीर रीतसर झाली आणि बरीचशी उरली. विठाबाईंची साठ किलो बटाट्यांची न्योकी दुसऱ्या पंगतीलाच संपली. काकूंनी आंबट आहे म्हणत तीनदा घेतली.

त्याच दिवाळीत थोरले काका गेले. माघात गल्लीत लग्न निघालं. गव्हल्यांचं बोलावणं घरोघर फिरलं. आमच्या दारात येऊन बोलावणाऱ्या बाईने फक्त माझ्या बायकोला सांगितलं. काकू तिथेच, सोप्यात बसल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी त्या काठी टेकत विठाबाईंच्या दाराशी गेल्या आणि उंबऱ्याबाहेरच थांबल्या.

"विठा, मला बी शिकीव की ते इटलीचं."

"आत या, अक्का," विठाबाई म्हणाल्या, आणि बटाटे उकडायला टाकले.